दान्ते फेरेत्तींसारखं काम शिकायचं तर सुरुवात कुठून करायची?

माटोळी

मी गोव्यात म्हार्दोळजवळच्या गावात राहते. वय 26. बाबा सुतार आहेत, त्यामुळे रंधा, पटाशी आणि भुसा यांतच वाढले. आमच्या जत्रेत दरवर्षी दोन मराठी नाटकं होतात. पूर्वी त्यांना भाड्याचे रंगवलेले पडदे यायचे: एक महाल, एक जंगल, एक रस्ता. चार वर्षांपूर्वी मी समितीला म्हटलं, एकदा मला करून बघू द्या. तेव्हापासून नेपथ्य माझ्याकडे आहे. दिवाळीचा नरकासुराचा मोठा पुतळा आणि शिगम्याचा, म्हणजे आमच्या होळीच्या सणाचा, चित्ररथ त्याच्याही आधीपासून करते.

गेल्या पावसाळ्यात 'सायलेन्स' बघितला, अमेरिकन दिग्दर्शक स्कोर्सेसीचा, जपानमधल्या पोर्तुगीज पाद्र्यांचा. तीनदा बघितला. तिसऱ्यांदा आवाज बंद करून, फक्त भिंती आणि जमिनी बघायला. डोंगरावरची ती झोपडी, जिथे दोघे पाद्री दडून बसतात, तिचं लाकूड ओलं वाटतं. जुलैत आमच्या गोठ्याच्या फळ्या दिसतात तसं. कुणीतरी हे मुद्दाम केलंय हे कळल्यावर शेवटच्या नावांत शोधलं: प्रॉडक्शन डिझायनर, म्हणजे चित्रपटातल्या जागांचं रूप ठरवणारा, दान्ते फेरेत्ती. मग 'ह्युगो' बघितला. तोही त्यांचाच. एका माणसाने ही झोपडी आणि पॅरिसचं ते घड्याळांनी भरलेलं स्टेशन दोन्ही कसं केलं, हे डोक्यातून जात नाही.

मला या माणसाचा प्रवास समजून घ्यायचा आहे. सुरुवात कशी झाली, शिकले कुठे, पहिलं काम कधी मिळालं. चित्रपट कुठल्या क्रमाने बघू?

आणखी एक गोष्ट मनात आहे, ती सांगते. मागच्या वर्षी जवळच एका चित्रीकरणासाठी लोक आले होते. मी माझ्या कामाचे फोटो घेऊन गेले. त्यांच्यातल्या एकाने दोन फोटो बघून मोबाइल परत दिला आणि म्हणाला, हे नरकासुराचं काम आहे, फिल्मचं नाही. तेव्हापासून फोटो कुणाला दाखवलेले नाहीत.

पडद्यामागे

बाय, शेवटचं आधी. कोल्हापूरचे बाबूराव मेस्त्री सुतार-कारागिरांच्या घरातले. ते आणि त्यांचे चुलतभाऊ आनंदराव नाटक कंपन्यांचे पडदे रंगवायचे. रंगवता रंगवता नाव पडलं बाबूराव पेंटर. त्यांनी कोल्हापुरात स्वतःचा कॅमेरा तयार केला आणि 1920 मध्ये 'सैरंध्री' पडद्यावर आणला. व्ही. शांताराम त्यांच्याच कंपनीत शिकले. मराठी सिनेमा पडदे रंगवणाऱ्यांनी आणि लाकूड कापणाऱ्यांनी उभा केलाय. नरकासुराला बांबूचा सांगाडा घालून, वजन तोलून, पहाटेपर्यंत उभा ठेवणं हे सेटचंच काम आहे. फोटो दाखवत जा.

आता फेरेत्ती. मी 22 वर्षं मुंबईत कला विभागात होतो, सेट रंगवणाऱ्या एका पेंटरच्या हाताखाली लागलो आणि असिस्टंट आर्ट डायरेक्टर म्हणून थांबलो. आता मडकईला घरी असतो. या माणसाचं काम मी वही घेऊन बघितलंय, म्हणून जरा लांब लिहितो.

जन्म 26 फेब्रुवारी 1943, इटलीच्या पूर्वेकडचं माचेराता नावाचं गाव. वडिलांचं फर्निचरचं काम. पोरगा वडिलांच्या खिशातले पैसे काढून सिनेमाला जायचा. पुढे रोमला कलाशाळेत गेला, पण खरं शिक्षण सेटवर झालं. विशीच्या आतच सहायक म्हणून लागला. मग लुईजी स्काच्चानोचे या कला दिग्दर्शकाच्या हाताखाली बरीच वर्षं. त्यातच इटालियन दिग्दर्शक पासोलिनीचा येशूवरचा 1964 चा चित्रपट आला. म्हणजे सहायक असतानाच त्याला पासोलिनी भेटला. 1969 मध्ये पासोलिनीने 'मेदेआ' केला तेव्हा सेटची जबाबदारी फेरेत्तीवर आली. तेव्हा तो 26 वर्षांचा होता. तुझ्याएवढा.

पासोलिनीबरोबर त्याने पाच चित्रपट केले: 'मेदेआ', 'डेकॅमेरॉन', 'कँटरबरी टेल्स', 'अरेबियन नाइट्स' आणि 'सालो'. ही त्याची पहिली शाळा. पासोलिनीला स्टुडिओत बांधकाम करण्यापेक्षा खऱ्या जागा हव्या असायच्या. 'मेदेआ'साठी तुर्कस्तानातल्या कापादोक्याच्या कोरलेल्या गुहा, 'अरेबियन नाइट्स'साठी येमेन, इराण, नेपाळ. अशा वेळी डिझायनरचं काम काय, तर जागा निवडायची, तिच्यातलं आजचं जे असेल ते झाकायचं आणि दोनच गोष्टी अशा ठेवायच्या की जागा त्या काळाची होते. आमच्या धंद्यात याला कमी लेखतात, कारण बिलात फारसं काही दिसत नाही. मला हे सगळ्यात अवघड वाटतं. वायरी झाकणं सोपं आहे. काय ठेवायचं हे ठरवायला डोळा लागतो.

दुसरी शाळा फेलिनी, हाही इटालियन दिग्दर्शक. 1978 पासून पुढे पाच चित्रपट. इथे सगळं उलट. फेलिनीला खरा समुद्रसुद्धा नको होता. 'अँड द शिप सेल्स ऑन' जरूर बघ, 1983 चा. पूर्ण जहाज रोमच्या चिनेचित्ता स्टुडिओत उभं केलं, डेक हायड्रॉलिकवर हलता ठेवला, आणि समुद्र केला प्लॅस्टिकच्या कापडाचा. सूर्यास्त रंगवलेला. कुठेच लपवाछपवी नाही, शेवटी तर कॅमेरा मागे येऊन सगळा स्टुडिओ दाखवतो. तू चित्ररथावर निळ्या कापडाच्या लाटा केल्या असशीलच. त्याच लाटा, फक्त त्यांवर प्रकाश कसा पाडायचा याचा विचार महिनोन्महिने केलेला.

फेलिनीबद्दलची एक गोष्ट फेरेत्ती अनेक मुलाखतींत सांगतात. सकाळी स्टुडिओकडे जाताना गाडीत फेलिनी विचारायचा, काल रात्री काय स्वप्न पडलं? पहिले काही दिवस फेरेत्ती म्हणाले, आठवत नाही. मग लक्षात आलं की याला उत्तर हवंच आहे, म्हणून ते स्वप्नं रचून सांगायला लागले. फेलिनीला कळत असणार की ही रचलेली आहेत, तरी तो रोज ऐकायचा. मला ही गोष्ट फार महत्त्वाची वाटते. दिग्दर्शकाला मापं नंतर लागतात, आधी त्याला कुणीतरी गोष्ट सांगणारा हवा असतो.

मध्येच 1986 चा 'द नेम ऑफ द रोझ'. उंबेर्तो एकोच्या कादंबरीवरचा, मध्ययुगीन मठातला. मठाचा बाहेरचा भाग रोमजवळच्या टेकडीवर बांधला, आतले बरेच प्रसंग जर्मनीतल्या एबरबाखच्या खऱ्या मठात घेतले. कादंबरीतलं ग्रंथालय हे एकाच मजल्यावर पसरलेला भुलभुलैया आहे. वाचताना तो नकाशासारखा डोक्यात बसतो. पण कॅमेरा खोलीत उभा राहिला की त्याला फक्त समोरची भिंत दिसते, भुलभुलैया दिसतच नाही. म्हणून चित्रपटात तो उभा केला: जिन्यावर जिने, खाली बघितलं तर आणखी जिने. लेखकाने लिहिलेलं मोडून लेखकाला हवी होती ती भीती मिळवली. नाटकाचं नेपथ्य करताना संहितेत 'डावीकडे खिडकी' लिहिलं असेल तर आपण डोळे मिटून डावीकडे खिडकी लावतो. असा प्रसंग आला की मला हे ग्रंथालय आठवायचं.

तिसरी शाळा स्कोर्सेसी, 1993 च्या 'द एज ऑफ इनोसन्स'पासून 2016 च्या 'सायलेन्स'पर्यंत नऊ चित्रपट. 'कुंदुन'साठी दलाई लामांचं तिबेट मोरोक्कोतल्या वार्झाझातच्या वाळवंटात उभं केलं. 'गँग्ज ऑफ न्यूयॉर्क'साठी एकोणिसाव्या शतकातलं न्यूयॉर्क, बंदरासकट, चिनेचित्तात. 'ह्युगो'चं स्टेशन इंग्लंडमधल्या शेपर्टन स्टुडिओत. म्हणजे तिबेट आफ्रिकेत, अमेरिका इटलीत आणि पॅरिस इंग्लंडमध्ये. पासोलिनीकडे खरी जागा ओळखायला शिकले होते, फेलिनीकडे खोटी जागा बांधायला. इथे दोन्ही एकत्र आलं: खोटी बांधायची, पण खऱ्या जागेचे सगळे दोष तिच्यात घालून.

तू झोपडीचं लाकूड बघितलंस ना, ते हेच.

आणि फ्रान्चेस्का लो स्कियावो हे नाव त्यांच्या नावाबरोबर वाच. त्या त्यांच्या पत्नी आणि सेट डेकोरेटर. आपल्याकडे ही दोन कामं बऱ्याचदा एकाच माणसाच्या गळ्यात असतात म्हणून सांगतो. आपलं जुनं घर घे: सोपो (ओसरीवरची बैठक), चौक, खांब, भिंतीचा रंग, खिडकीला लावलेले शिंपले, हे डिझायनरचं. देवळीतली पणती, खुंटीवरची छत्री, तुळशीसमोर पालथी घातलेली कळशी, हे डेकोरेटरचं. तिन्ही ऑस्कर दोघांना मिळून आहेत: 'द एव्हिएटर', 'स्वीनी टॉड' आणि 'ह्युगो'. पहिलं ज्या रात्री मिळालं ती 27 फेब्रुवारी 2005 ची, बासष्टावा वाढदिवस होऊन एक दिवस झालेला. त्याआधी सहा वेळा सेटसाठी नामांकन होऊन हात रिकामे राहिले होते. तिसरं 26 फेब्रुवारी 2012 ला, बरोबर वाढदिवशी.

बघण्याचा क्रम माझ्या मते असा ठेव. आधी 'मेदेआ', मग जहाजाचा, मग मठाचा, मग 'कुंदुन', आणि शेवटी परत 'सायलेन्स'. 'सालो' आत्ता बघू नकोस, फार क्रूर आहे आणि तुला हवं ते त्याच्याशिवायही मिळेल.

साखळीकार

वरचं सगळं आवडलं, पण एक मनापासून विचारतो. फेरेत्तींच्या हाताशी चिनेचित्ता होतं. 1937 पासूनचा स्टुडिओ, तिथे पिढ्यान्‌पिढ्या सुतार, रंगारी, प्लास्टरवाले. आपल्याकडे 2004 पासून इफ्फी आहे, नोव्हेंबरात पणजीत जगभरचे चित्रपट बघायला मिळतात, पण सेट बांधणारं कायमचं ठिकाण गोव्यात कुठे आहे? बाहेरची युनिटं येतात, समुद्र आणि जुनी घरं वापरतात आणि जातात. माझा भाचा कॉलेज संपवून असाच दोन वर्षं अशा युनिटांमागे फिरला. खुर्च्या उचलण्यापलीकडे काम मिळालं नाही. ताईंनी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचा विचार करावा. तिथे कला दिग्दर्शन आणि प्रॉडक्शन डिझाइनचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे. नुसत्या उमेदीवर मुंबई गाठू नये एवढंच म्हणणं.

पडद्यामागे

भाच्याबद्दल वाईट वाटलं. असे बरेच बघितले.

पुण्याचं बरोबर आहे. चित्रकला, शिल्पकला, वास्तुकला अशा विषयांतली पदवी लागते, तेव्हा बाय, पदवी नसेल तर पणजीतल्या आल्तिनोच्या कला महाविद्यालयाची आधी चौकशी कर. पण चिनेचित्ताबद्दल एक. त्या स्टुडिओची खरी संपत्ती तिथले कारागीर आहेत. फोंडा तालुक्यात ती कमी नाही. मखर करणारे, देवळाचे लाकडी खांब कोरणारे, चांदीचा पत्रा ठोकणारे, मूर्तिकार. यातल्या कुणालाही मी मुंबईच्या सेटवर उभं केलं असतं. त्यांना एकत्र आणून एका आराखड्यावर काम करवून घेणारा माणूस कमी आहे. फेरेत्तींचं काम तेच होतं. ते मोठ्ठी चित्रं काढायचे, कोळशात आणि पेस्टलमध्ये, आणि ते चित्र बघून सुतारापासून दिग्दर्शकापर्यंत सगळ्यांना कळायचं की कुठे पोचायचंय.

दिवाडीहून

मी चित्रपटातली माणूस नाही, जुन्या गोव्यात पर्यटकांना इतिहास सांगण्याचं काम करते. पण 'सायलेन्स'चं नाव निघाल्यावर गप्प बसवेना.

त्या चित्रपटाचं चित्रीकरण तैवानमध्ये झालं, पण त्यातल्या पाद्र्यांचा जगातला मुक्काम आपल्या दारात होता. लिस्बनहून निघालेला जेझुइट (त्या नावाच्या ख्रिस्ती संघाचा पाद्री) आधी गोव्याला यायचा, इथून मकाव, मग जपान. फ्रान्सिस झेवियर 1542 मध्ये इथे उतरले आणि 1549 मध्ये जपानला पोचले. जुन्या गोव्यातल्या बॉम जेझूच्या बसिलिकेत, म्हणजे तिथल्या मोठ्या चर्चमध्ये, त्यांचं शव ज्या चांदीच्या पेटीत आहे ती गोव्यातल्याच कारागिरांनी घडवली. ती करवून घेण्यात पुढाकार होता मार्चेल्लो मास्त्रील्ली या इटालियन जेझुइटाचा. तो इथून जपानला गेला आणि 1637 मध्ये नागासाकीत मारला गेला. म्हणजे त्या चित्रपटातला काळ आणि आपली ती पेटी एकाच वेळच्या आहेत. हे सांगताना माझ्या अंगावर अजून काटा येतो.

आणि माटोळीताई, तुमच्या कामाचं सांगायचं तर पेटीच्या खालचा चबुतरा बघा. संगमरवर आणि रंगीत दगडांचा. तो फ्लॉरेन्समध्ये तयार झाला, जोव्हान्नी बात्तिस्ता फोज्जिनी या शिल्पकाराच्या हाताखाली, तोस्कानाच्या ड्यूकची भेट म्हणून. दहा वर्षं लागली. मग सुटे भाग करून जहाजाने इथे आणले आणि 1698 मध्ये जोडले. जोडायला माणूस तिथूनच आला होता. न बघितलेल्या देवळासाठी, न बघितलेल्या उजेडासाठी, एका इटालियनाने सुट्या भागांत केलेली रचना. मला तर तो सेट डिझायनरच वाटतो.

दुसरं जास्त कामाचं. बसिलिका आज तांबड्या चिऱ्याची, उघडी दिसते. लोक फोटो काढतात, म्हणतात किती जुनी दिसते. पण ती तशी बांधलेली नव्हती. तिच्यावर चुन्याचा गिलावा होता, तो 1950 च्या दशकात काढून टाकला. आपला चिरा मऊ, पावसाने झिजतो, गिलावा हे त्याचं पांघरूण होतं. उद्या कुणी सतराव्या शतकातलं गोवा पडद्यावर आणायचं म्हटलं आणि तांबडी बसिलिका बांधली तर ते चूक. ती पांढरी हवी. बघणाऱ्यांना मात्र पांढरीच खोटी वाटेल! असं झालं तर तुमचे फेरेत्ती काय करतील हे पडद्यामागे काकांनी सांगावं.

पडद्यामागे

फार मोलाचं लिहिलंत. गिलाव्याचं मला माहीत नव्हतं, आणि मी त्या चौकात दोनदा चित्रीकरण केलंय.

उत्तर त्यांच्या तोंडात घालणार नाही. मी काय करेन ते सांगतो. पांढरीच करेन, पण पहिल्या पावसानंतरची. पागोळीखाली काळं, पायाशी हिरवं, आणि कोपऱ्यात हातभर गिलावा पडून आतला तांबडा चिरा डोकावतोय. बघणाऱ्याला तो तांबडा ओळखीचा वाटतो, आणि तो ओळखीचा वाटला की भोवतालच्या पांढऱ्यावरही त्याचा विश्वास बसतो.

माटोळी

तुमची सगळ्यांची उत्तरं बाबांना वाचून दाखवली. बाबूराव पेंटरांचं वाचताना त्यांनी हातातलं काम खाली ठेवलं आणि म्हणाले, परत वाच.

साखळीकार दादा, पुण्याची माहिती काढते. बारावीनंतर मी शिकले नाही, त्यामुळे आल्तिनोचं आधी. काका, 'मेदेआ' काल रात्री बघितला. दगडाच्या त्या गुहांमध्ये नवीन काय आणून ठेवलंय ते मोजायला बसले होते, पण अर्ध्या तासाने मोजायचं विसरले.

रविवारी जुन्या गोव्याला गेले. दिवाडीहून ताई, तुम्ही म्हणालात म्हणून पेटीकडे न बघता आधी चबुतऱ्याकडे बघितलं. मग बाहेर येऊन भिंतीला हात लावला. चिऱ्याची भोकं बोटाला लागतात. एवढ्या वेळा तिथे गेले होते, हात कधी लावला नव्हता.

या जत्रेच्या नाटकात दुसऱ्या अंकाला जुना वाडा आहे. दरवर्षी आम्ही तो गुलाबी रंगवतो, झुंबर टांगतो. या वेळी चुन्याची भिंत करायची, पागोळीचे डाग घालून, आणि दाराशेजारी गिलावा पडलेला. समितीतले एक काका म्हणाले, लोक म्हणतील पैसे संपले वाटतं. मी त्यांना आमच्याच जुन्या घराच्या मागच्या भिंतीकडे नेऊन उभं केलं. बराच वेळ बघत राहिले आणि म्हणाले, कर.

अडलंय ते एवढंच: प्लायवूडवर चुन्याचा गिलावा दिसेल कसा? नुसता पांढरा मारला की फ्रिजसारखा दिसतो. भिंत 14 फूट रुंद आहे आणि नाटक संपलं की त्याच रात्री उतरवायची आहे, त्यामुळे वजन चालणार नाही. देव बरें करूं.

पडद्यामागे

प्लायवर मांजरपाट फेविकॉलने चिकटव, थोड्या सुरकुत्या राहू दे. वाळला की व्हायटिंग पावडर (खडूची भुकटी) आणि पातळ फेविकॉलचा लेप पसरट ब्रशने, एका दिशेने मारायचा नाही. तो अर्धा ओला असताना हाताच्या तळव्याने दाब, गवंड्याचा हात फिरल्यासारखा दिसेल. जिथे गिलावा पडलेला दाखवायचाय तिथे मांजरपाट आधीच फाडून ठेव, आणि आतल्या प्लायला चिऱ्याचा रंग दे, भुसा मिसळून. भुसा बाबांकडे आहेच.

पांढऱ्यात चमचाभर पिवळी माती आणि किंचित काळा घाल. डाग शेवटी, पाणी घालून पातळ केलेल्या रंगाचे, वरून खाली सोडायचे. आणि ते दुपारी मारू नकोस. नाटकाचे दिवे लावून, शेवटच्या रांगेत कुणाला तरी बसवून मार. झालं की फोटो इथे टाक.